बाईंचा कोपरा

गेली पाच वर्षं हे मी कुणाला म्हणजे कुणालाच सांगितलं नव्हतं. आमच्या ह्यांना यातलं अर्धं ठाऊक आहे. चिंचणीच्या माझ्या बहिणीला तेवढंही नाही — आणि माझ्या पोटातलं सगळं आपल्याला कळतं असा तिचा दावा आहे! परवाच्या रविवारी पहिल्यांदा तोंड उघडलं. आज तुम्हाला सांगतेय. तुम्ही माझ्या ओळखीचे नाही, हे बरंच आहे. ओळखीचं माणूस समोर आलं की मी लगेच फळ्यासमोर उभी राहिल्यासारखी बोलायला लागते.

आधी मी कोण ते सांगते. मी विज्ञानाची शिक्षिका. तलासरी तालुक्यातल्या एका शाळेत सव्वीस वर्षं शिकवतेय. आवाज खणखणीत. फळ्याकडे तोंड करूनसुद्धा मागच्या बाकावर कोण कुजबुजतंय ते मला कळतं. सहसा मी चुकत नाही. हे गर्वाने म्हणतेय का? हो, गर्वानेच. उगाच नम्र होऊन सांगायला गेले तर सगळी गोष्टच खोटी होईल, कारण जे झालं ते त्या गर्वापायीच झालं.

आमच्या डहाणू-तलासरीकडे जमीन हलायला लागली ते दिवस तुम्ही पेपरात वाचले असतील. वाचणं वेगळं. आधी जमिनीच्या पोटातून गुडगुड, लांब कुठेतरी सुरुंग लावल्यासारखी, आणि मग हादरा. मांडणीवरची भांडी खाली. कोंबड्या सैरावैरा. महिनोन् महिने हेच. लोकांनी अंगणात ताडपत्र्या बांधल्या, आम्ही वर्ग मैदानात आंब्याच्या सावलीत भरवले. त्याच सुमारास शाळेतून कुणीतरी भूकंपाच्या प्रशिक्षणाला जायचं होतं. सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं. मी गेले, दोन दिवस वही भरून टिपणं काढली, आणि परत आले ती भूकंपवाल्या बाई होऊनच.

मला ते आवडलं. खोटं कशाला बोलू? शिट्टी माझ्या गळ्यात. मी शिट्टी मारली की तीनशे पोरं एका दमात बाकाखाली. घंटा वाजवायचं काम रंजनाकडे दिलं होतं. रंजना म्हणजे आमच्या प्राथमिक विभागातली तरुण शिक्षिका, वारली समाजातली, तलासरीच्या पलीकडच्या एका पाड्यावरची. तिच्या घराण्यातली नोकरीला लागलेली पहिली मुलगी. तिला पाठ काढायला मी शिकवलं, साहेबांपुढे मान वर करून बोलायला मी शिकवलं. ती मला फार मानायची. मी म्हणेन ते तिला वेदवाक्य.

मुलांना मी एक गृहपाठ दिला होता. आपापल्या घराचा नकाशा काढायचा. जे अंगावर पडू शकतं तिथे लाल फुली — कपाट, माळा, कच्ची भिंत. आणि जिथे बसलं तर वाचू, तिथे हिरवा ठिपका. सुरक्षित कोपरा. घरात प्रत्येकाला तो पाठ हवा, आजीपासून बाळापर्यंत. तालुक्यातल्या इतर शाळांनीही तो गृहपाठ उचलला. मी मिरवलं.

पालकसभेत तर मी घर घेणाऱ्यांची शाळाच घ्यायचे. तेव्हा हायवेच्या आजूबाजूला प्लॉट पडत होते, नोकरदार माणसं बंगले बांधत होती, तयार घरं विकत घेत होती. मी सांगायचे, अहो, टाइल्स काय बघता? आधी जमीन विचारा. मुरूम आहे की भराव? पूर्वी तिथे तळं होतं का, ओहळ होता का, भाताचं खाचर होतं का? हे बिल्डर सांगणार नाही, कुठल्या कागदावर सापडणार नाही, गावातल्या म्हाताऱ्या माणसांना विचारा. भराव नीट दाबलेला नसला की हादऱ्यात खचतो, आणि अर्धं घर मुरमावर आणि अर्धं भरावावर असेल तर मधूनच फाटतं. मग भिंती बघा. खिडकीच्या कोपऱ्यातून विटांच्या सांध्यासांध्याने पायऱ्या उतरत गेलेली भेग दिसली तर सरळ चप्पल घाला आणि निघा. चुनाकाम नवं दिसलं तर विचारा की कशाला केलं.

शेवटी माझं ठरलेलं वाक्य असायचं. माझंच घर बघा!

ते घर म्हणजे तलासरीच्या अलीकडे, हायवेपासून आत. खाली तीन खोल्या, वर गच्ची. भूकंपांच्या कितीतरी आधी आम्ही ते तयार विकत घेतलं होतं. घेताना मी सळ्यांची चौकशी केली, वाळू कुठली ते विचारलं, भिंतींवर नाणं वाजवून बघितलं. बिल्डर वैतागला होता माझ्यापुढे. जमिनीचं मात्र एक अक्षर विचारलं नव्हतं. तेव्हा मला तरी कुठे कळत होतं? पण पालकसभेत मी असं सांगायचे, जणू तेही विचारूनच घेतलं होतं. पहिलं खोटं ते. इतकं लहान, की मला ते खोटं वाटलंही नाही.

आणि मग भेग आली.

मागच्या खोलीत, पूर्वेच्या भिंतीवर. खिडकीच्या खालच्या कोपऱ्यातून निघाली, पायऱ्या पायऱ्या उतरत थेट जमिनीपर्यंत. मी शंभर लोकांना फळ्यावर काढून दाखवलेली अगदी तशीच. आधी केसाएवढी. मी स्वतःला म्हटलं, प्लास्टर सुकलं असेल. इतक्या वर्षांनी प्लास्टर सुकतं का हो? पण माणूस स्वतःला काय वाट्टेल ते पटवतं, आणि मी तर पटवून देण्यात पटाईत.

प्रशिक्षणात एक साधी युक्ती शिकवली होती. भेग जुनी, थांबलेली आहे की अजून हलतेय हे कळायला तिच्यावर आडवी एक पातळ काच दोन्ही टोकांना पक्की चिकटवायची. भिंत सरकली तर काच तडकते. मी शाळेच्या प्रयोगशाळेतून सूक्ष्मदर्शकाच्या काचपट्ट्या आणल्या — आपण कांद्याची साल ठेवून बघतो ना, त्या. पीओपीने भेगेवर चिकटवली एक. तिसऱ्या आठवड्यात तडकली. खाली दुसरी लावली. तीही तडकली, आणि या वेळी मधल्या फटीत माझं नख जायला लागलं.

त्या दिवशी मला सगळं कळलं. पुढच्या दोन खोल्या कडक मुरमावर. मागची खोली भरावावर. दर हादऱ्याला ती थोडी थोडी खाली बसत होती, घरापासून तुटत होती. कुणाला विचारायची गरजच नव्हती. हा माझाच धडा होता.

ह्यांनी ती तडकलेली काच बघितली. हे रेल्वेत, मितभाषी माणूस. म्हणाले, "इंजिनियरला बोलावू. खर्च करू आणि नीट करून घेऊ." मी म्हटलं, बघू. का म्हटलं? आता नीट ऐका, कारण इथे लोक पैशाचं कारण गृहीत धरतील. पैसे होते. दुरुस्ती झेपली असती. पण इंजिनियर आला असता, भिंतीला टेकू लागले असते, आणि ते येणाऱ्या-जाणाऱ्याला दिसले असते. भूकंपवाल्या बाईंचं घर फाटलं! जिने सगळ्या तालुक्याला जमीन विचारायला शिकवलं, तिनेच विचारली नव्हती! ते हसू मला आधीच ऐकू येत होतं. त्या हसण्याला मी भ्याले. जमीन हलली तेव्हा मी एवढी भ्याले नव्हते.

म्हणून ठरवलं, घरच विकायचं. डहाणूला स्टेशनजवळ फ्लॅट बघितला. ह्यांच्या ड्युटीला सोयीचं पडतं, असं सगळ्यांना सांगितलं. ते खरंही होतं, त्यामुळे सांगायला सोपं गेलं. मागच्या भिंतीसाठी मिस्त्री आणला तो मुद्दाम चारोटीहून, आपल्या गावातला कुणी नको म्हणून. भेगेत सिमेंट भरलं, वर प्लास्टर, वर पिवळा रंग. काचपट्ट्या काढायलाही मला वेळ नव्हता, त्यांच्यावरूनच प्लास्टर मारायला लावलं. दोन दिवसांत भिंत अशी गुळगुळीत झाली की मलाच भेग नेमकी कुठून गेली होती ते सांगता येईना. ह्यांनी फक्त एवढंच विचारलं, "घेणाऱ्याला सांगणार आहेस ना?" मी म्हटलं, हो, सांगेन ना, मला काय कळत नाही? आणि मनातल्या मनात ठरवलं होतं की घेणारा कुणीतरी परका असेल. गुजरातकडचा कुणी व्यापारी, कुणी भाड्याने देणारा. परक्याला फसवणं कमी वाईट असतं का? तेव्हा मला असतं वाटत होतं.

घ्यायला आली रंजना.

स्टाफरूममध्ये मला बाजूला घेऊन म्हणाली, "बाई, तुमचं घर दुसऱ्या कुणाला दाखवू नका. आम्हालाच घ्यायचंय." नवरा एसटीत कंडक्टर, दोघांना मिळून कर्ज बसत होतं. तोवर ती माणसं पाड्यावर कुडाच्या घरात राहायची. कारवीच्या काठ्या, वर मातीचा लेप, लाकडी मेढी, कौलं. ते घर मी बघितलं होतं. हादऱ्याला अंग झाडल्यासारखं हलायचं आणि पुन्हा जागच्या जागी यायचं, फार तर लेपाचे चार पोपडे पडायचे. अशा हलक्या घरात माणूस सहसा मरत नाही, हे मला प्रशिक्षणात सांगितलं होतं, वहीत अधोरेखित केलेलं होतं. रंजनाला मी ते सांगितलं का? छे. उलट वर्षभर तिच्या मागे लागले होते की नोकरदार बाई तू, आता पक्क्या घरात ये.

त्या वेळी नाही म्हणता आलं असतं. एक वाक्य पुरलं असतं — रंजना, हे घर तुला नको. तिने का म्हणूनही विचारलं नसतं, इतका विश्वास होता. पण का ते मला सांगावंसं वाटलं असतं, आणि मग आजवर मी तिच्या नजरेत जी होते ती राहिले नसते. मी म्हटलं, ये, रविवारी बघून जा.

रविवारी तिघं आली. रंजना, नवरा, आणि नवऱ्याची आई. म्हातारीचे गुडघे कधीच गेलेले. रिक्षातून उतरून दारापर्यंत यायलाच दहा मिनिटं लागली, एका बाजूला सून, एका बाजूला लेक. रंजनाच्या हातात कागद होता. माझाच! पालकसभेत वाटलेली, माझ्या हस्ताक्षरातली झेरॉक्स — घर घेताना काय बघावं. एकेक प्रश्न वाचत ती घर बघत होती आणि समोर उभी राहून मी उत्तरं देत होते. सळ्या? उत्तम. वाळू? नदीची. पाणी मुरतं का? नाही. ही सगळी खरी उत्तरं होती बरं का. शेवटी जमिनीचा प्रश्न आला. तिने तो वाचला, आणि स्वतःच हसून म्हणाली, "हे काय तुम्हाला विचारायचं, बाई!" आणि पुढे गेली.

मी गप्प बसले. मूग गिळून. इथवरही कदाचित परत फिरता आलं असतं. तुम्ही म्हणाल, अजून काय राहिलं? राहिलंय. आतापर्यंत सांगितलं ते कुणीही केलं असतं, निदान पुष्कळांनी केलेलं आहे. यापुढचं फक्त माझं आहे.

मागच्या खोलीत म्हातारी खिडकीशी टेकून बाहेर बघत उभी राहिली. बराच वेळ. मग म्हणाली, "इथं तं ओहळ व्हता. आमी पोरी इथं खेकडे धरायचो." आणि बोटाने रेघ ओढून दाखवली — बाहेरच्या शेतातून येत, खिडकीखालून, बरोबर त्या खोलीखालून पलीकडे. जी गोष्ट मला दोन काचा तडकल्यावर कळली ती तिने खिडकीतून नुसतं बघून सांगितली. गावातल्या म्हाताऱ्या माणसांना विचारा, म्हणत मी तालुकाभर फिरले होते. आणि इथे एक म्हातारं माणूस, न विचारता, सांगत होतं.

मी काय केलं? हसले. चांगली मोठ्याने हसले. म्हटलं, "आजी, तो ओहळ पलीकडे हो, बांधाच्या त्या बाजूला. किती वर्षं झाली, तुमचा अंदाज चुकतोय." आणि त्या भागाची माती, मुरमाचा थर, यावर पाच मिनिटं भाषण ठोकलं. अवघड शब्द वापरले. मुद्दाम वापरले. म्हातारी पुन्हा म्हणाली, "न्हाय बाय, इथंच." तेव्हा लेक तिला दटावून म्हणाला, "आये, बाईंना ठाऊक नाय का? त्या शिकवतात ते." म्हातारी गप्प झाली. तिचा चेहरा मी बघितला. आपण इथे लहानाच्या मोठ्या झालो आणि आपल्यालाच आपली जमीन आठवेनाशी झाली की काय, असं तिला स्वतःविषयी वाटायला लागलेलं मी माझ्या डोळ्यांनी बघितलं. आणि मला — सांगते — मला सुटल्यासारखं वाटलं.

पण गप्प झाली तरी ती भिंतीवरून हात फिरवत होती. त्या पिवळ्या, ताज्या रंगावरून, बरोबर तिथूनच. कुडाची घरं स्वतःच्या हाताने लिंपलेली बाई ती, तिच्या हाताला काही कळलं असतं तर? तेवढ्यात रंजनाने विचारलं, शाळेत विचारावं तसं, "बाई, हिरवा ठिपका कुठे काढू? सुरक्षित कोपरा कोणता ह्या घरातला?"

मी म्हटलं, "हाच."

पूर्वेच्या भिंतीला हात लावून म्हटलं, खिडकीच्या बाजूला, बरोबर भेगेवर तळवा ठेवून. "सगळ्या घरात पक्का कोपरा हा. हादरा आला की सगळ्यांनी इथे यायचं." खणखणीत आवाजात. का? कारण ज्या भिंतीकडे मी बोट दाखवून पक्की म्हणेन, त्या भिंतीवर कुणी संशय घेणार नाही. एवढंच कारण. दुसरं काहीही नव्हतं. मला विचार करायलाही वेळ मिळाला नाही, असं म्हणायची सोय आहे, पण ते खरं नाही. पुरता वेळ मिळाला होता. म्हातारीने हात काढून घेतला, आणि मला बरं वाटलं.

पुढच्या महिन्यात ती राहायला आली. वास्तुशांतीला मला पाटावर बसवून ओटी भरली. मागच्या खोलीत गेले तर म्हातारीची खाट त्या भिंतीला लावलेली. रंजना म्हणाली, "आईंना चटकन उठता येत नाही ना, म्हणून त्यांची कायमची जागा तिथेच केली. बाईंचा कोपरा म्हणतो आम्ही त्याला." मी शिरा खाल्ला. चांगला झाला होता, तेही सांगितलं.

मग पाच वर्षं. मध्ये महिने-महिने काही व्हायचं नाही, आणि मग एखाद्या सकाळी गुडगुड. डहाणूच्या फ्लॅटमध्ये पंखा हलला की माझं पहिलं लक्ष तिकडे. शाळेत गेल्यावर रंजना सांगायची, "बाई, आम्ही सगळे तुमच्या कोपऱ्यात होतो! आमची पोरगी तर आता आपोआप धावते तिकडे." आणि मी म्हणायचे, शाब्बास. ऐकताय ना? शाब्बास म्हणायचे. शिवाय मुलांना उदाहरण द्यायचे, रंजना टीचरांच्या घरी बघा कशी शिस्त आहे!

सांगायचं ठरवलं नाही असं नाही. दर वेळी ठरवायचे. एकदा तर युक्ती काढली होती की नवीन नियम आलाय म्हणून सांगावं, कोपऱ्यात बसायचं नाही, खाट पुढच्या खोलीत घ्या. म्हणजे माणसं वाचली असती आणि माझंही झाकलेलं राहिलं असतं. तेसुद्धा केलं नाही. का, तर ती उलट विचारेल, नियम कुठे आलाय, दाखवा. माझीच शिष्या ती! एका खोट्याला आधार म्हणून दुसरं खोटं हवं होतं, आणि तेवढेही कष्ट मी घेतले नाहीत.

मागच्या आठवड्यात एका सकाळी जोराचा हादरा बसला. शाळा भरायच्या आधीच. रंजना उशिरा आली, चेहरा उतरलेला. त्या भिंतीचं प्लास्टर सुटलं होतं. परातीएवढा तुकडा म्हातारीच्या उशीवर पडला. म्हातारी तेव्हा ओट्यावर उन्हात शेवग्याचा पाला निवडत बसली होती, म्हणून वाचली. रंजनाने पर्समधून रुमालात गुंडाळलेलं काहीतरी काढलं. "बाई, हे बघा ना. प्लास्टरच्या आत होतं. आपल्या लॅबमधल्या काचपट्टीसारखं दिसतंय. भिंतीत कसं काय आलं असेल?"

तिला जराही संशय नव्हता. ती विचारत होती, कारण विज्ञानातलं काही अडलं की ती मलाच विचारते.

मी म्हटलं, वाळूबरोबर आलं असेल. कचऱ्यात टाक, हाताला लागेल.

बघा, तेव्हासुद्धा! उशीवरचा तुकडा ऐकूनसुद्धा माझ्या तोंडून आधी तेच आलं. तास घेतले, घरी आले, आणि जेवण जाईना. ह्यांनी विचारलं, काय झालं? मी म्हटलं, मी सांगितलं नव्हतं रंजनाला. पाच वर्षं त्यांना वाटत होतं की रंजनाने सगळं समजून-उमजून घर घेतलंय, डागडुजी केली असेल. एवढंच म्हणाले, "तुझ्याबरोबर येऊ का?" मी नको म्हटलं. दुसऱ्या दिवशी रंजनाला फोन करून खाट पुढे घ्यायला सांगितली, कारण दिलं नाही. आणि तरी रविवार उजाडेपर्यंत मी आणखी चार दिवस घालवले.

रविवारी एसटीने गेले. तिघंही घरी होती, मुलगी शेजारी खेळायला गेली होती. चहा आला. मी म्हटलं, चहा नंतर, आधी माझं ऐका. आणि सगळं सांगितलं, एक-एक करून, धडा घ्यावा तसं. काचपट्ट्या माझ्या, चारोटीचा मिस्त्री माझा. ओहळ इथूनच होता, आजींचं खरं होतं, आणि मला तेव्हाही ते माहीत होतं. कोपरा मी का दाखवला ते सांगितलं. आवाज हलला नाही माझा. याचंही मला वाईट वाटतंय, पण नाही हलला. भिंत उघडून इंजिनियरला दाखवू, जे लागेल ते आमच्याकडून, घर परत द्यायचं असेल तर तसं — तेही सांगितलं.

रंजना माझ्याकडे बघतच नव्हती. ओढणीचं टोक बोटाला गुंडाळायची, सोडायची. तिचा नवरा उठून मागच्या खोलीत गेला, तो बाहेरच येईना. मी तयारी केली होती. ती ओरडेल, रडेल, विचारेल की मी तुमचं काय बिघडवलं होतं. त्यातल्या प्रत्येकावर काय म्हणायचं ते मी एसटीत ठरवून आले होते. तिने काहीच विचारलं नाही.

विचारलं म्हातारीने. पुढच्या खोलीत आणलेल्या खाटेवर ती बसली होती, पाय खाली सोडून. रागावलेलीही नव्हती. म्हणाली, "मंग बाय, तू कुठं उभी राहायचीस?"

ह्याची तयारी मी केली नव्हती.

"बाहेर," मी म्हटलं. "आवाज आला की मी दार उघडून बाहेर पळायचे. भेग पडल्यापासून त्या मागच्या खोलीला आम्ही कुलूप घातलं होतं."

तिने ते ऐकलं. आपल्या गुडघ्यांवरून हात फिरवला, आणि म्हणाली, "मला पळता नाय येत, बाय."

मला ते माहीत होतं. ती रिक्षातून उतरून दोघांच्या आधाराने माझ्या दारात आली, तेव्हाच मी ते बघितलं होतं. कोपरा दाखवला तो त्यानंतर.